घर माझे, बिऱ्हाड तुमचे



आज आपल्याशी घराबद्दल बोलायचे आहे. मालकी एकाची आणि चूल दुसऱ्याची, अशा घराबद्दल. मालकाला ते घर आपल्या मुलाबाळांसाठी परत हवे असते आणि भाडेकरूला ते सोडून जायला ठिकाण नसते. आपल्या बुलढाणा जिल्ह्यात, खामगावला म्हणा, मलकापूरला म्हणा, चिखली-मेहकरला म्हणा, हा पेच पुष्कळ घरांत पडतो. खेड्यातली मंडळी म्हणतील, हा शहरगावचा तंटा, आमचा त्याच्याशी काय संबंध? संबंध आहे. पोरांच्या शिक्षणासाठी तालुक्याच्या गावी खोली कोण घेतो? आपणच. बदली होऊन आलेले गुरुजी कोणाच्या वाड्यात बिऱ्हाड मांडतात? आपल्याच. म्हणजे आज जो भाडेकरू, तो उद्या मालक. आणि आज जो मालक, त्याचा मुलगा परगावी भाडेकरू.

प्रथम एक घरची गोष्ट सांगतो. साल १९६८. मी तेव्हा नऊ वर्षांचा. वडील खामगावला शाळेत मास्तर होते. जुन्या वस्तीत एक धाब्याचे घर होते. त्याच्या पुढच्या दोन खोल्यांत आमचे बिऱ्हाड, आणि मागची एक खोली व ओसरी मालकीणबाईंकडे. सारी गल्ली त्यांना काकू म्हणे. नवरा लवकर गेलेला, मुलगा एकुलता एक, जिनिंगमध्ये कामाला. आमचे भाडे महिना बारा रुपये. त्या भाड्यावर काकूंची भाजीभाकरी निघे. आई त्यांची पत्रे वाचून दाखवी, आणि त्या आम्हां पोरांच्या हातावर शेंगदाण्याचा लाडू ठेवीत.

एक दिवस काकू ओसरीच्या पायरीवर येऊन बसल्या आणि वडिलांना म्हणाल्या, "गुरुजी, पोराचं लगन ठरलं. आता नव्या सुनेले का मी ओसरीत निजवू? तुमी खोल्या खाली करा."

वडील म्हणाले, "काकू, तुमचं खरं आहे. पण थोरल्याची यंदा मॅट्रिक. पाच लेकरं घेऊन भरल्या वर्षात मी जाऊ कुठं?"

श्रोतेहो, या दोन वाक्यांत खोटे असे काहीच नव्हते. काकूंची गरज खरी, वडिलांची अडचणही खरी. पण त्या दिवशी दोघेही तेवढेच बोलून उठले, आणि पुढचे बोलणे वकिलांच्या मार्फत झाले.

त्या वेळी आपल्याकडे कायदा कोणता होता, ते थोडक्यात सांगतो. दुसऱ्या महायुद्धानंतर गावोगाव घरांची टंचाई झाली. बुलढाणा जिल्हा तेव्हा मध्यप्रांत-वऱ्हाडात होता आणि राजधानी नागपूर. तिथल्या सरकारने १९४६ साली घरे भाड्याने देण्याच्या नियमनाचा कायदा केला आणि त्याखाली १९४९ साली भाडेनियंत्रणाचा हुकूम काढला. १९५६ साली आपण मुंबई राज्यात गेलो, १९६० साली महाराष्ट्र झाला, पण विदर्भात हुकूम तोच चालू राहिला. त्याची रीत अशी होती की मालकाने भाडेकरूला घर सोडण्याची नोटीस परस्पर द्यायची नाही. आधी रेंट कंट्रोलरकडे अर्ज करायचा आणि त्याची लेखी परवानगी घ्यायची. परवानगीसाठी कारणे ठरलेली होती. त्यांतले एक म्हणजे मालकाला घर स्वतःला राहण्यासाठी खरोखर हवे असणे, आणि त्याच गावात तो स्वतःच्या दुसऱ्या घरात राहत नसणे. परवानगी मिळाली की नोटीस, नोटिशीनंतर दिवाणी दावा. म्हणजे एकाच घरासाठी दोन जिने चढायचे.

काकू ते जिने चढू लागल्या. वडिलांनी प्रत्येक पायरीवर हरकत घेतली. भाडे हातोहात देणे बंद झाले. वडील मनिऑर्डर करीत, काकू ती परत पाठवीत, आणि 'घेण्यास नकार' असा शेरा मारलेला कागद वडील पेटीत जपून ठेवीत. एक दिवस आडावरचा दोर नाहीसा झाला. आई दोन गल्ल्या ओलांडून नळावर जाऊ लागली. लाडू तर कधीच बंद झाले होते. लग्न ठरल्या तिथीला झाले आणि सून आली. ओसरीला चादरीचा आडपडदा बांधून त्या नव्या जोडप्याने संसार मांडला. तीन वर्षे गेली. थोरल्या भावाची मॅट्रिक केव्हाच होऊन गेली होती, पण आमच्या बाजूच्या कागदात ती अजून चालूच होती.

मग भर थंडीत त्या ओसरीत सून बाळंत झाली. आई न बोलावता शेगडी घेऊन गेली. रात्री परत आल्यावर वडिलांना एवढेच म्हणाली, "त्या लेकराला वारा लागतो." वडील बराच वेळ काही बोलले नाहीत. दुसऱ्या दिवशी आम्ही एक खोली रिकामी करून दिली. पुढे मेअखेर दुसरी खोली सोडायची, तोवर वार्षिक परीक्षा होऊन जातील, असे ठरले. तसा कागद दोन्ही वकिलांनी लिहून कोर्टात दिला. जे तीन वर्षांनी ठरले, ते पहिल्या दिवशी ओसरीच्या पायरीवर ठरण्यासारखे होते. तेव्हा ना काकूंनी विचारले, "निदान एक खोली द्याल का?" ना वडिलांनी सांगितले, "अमक्या महिन्यापर्यंत मुदत द्या."

ही गोष्ट सांगितली ती एवढ्यासाठी की, हेच शहाणपण आता कायद्यातच लिहिलेले आहे.

१९४९ चा तो हुकूम आता राहिलेला नाही. 'महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९' हा कायदा ३१ मार्च २००० पासून साऱ्या राज्यात लागू झाला आणि विदर्भाचा, मराठवाड्याचा व जुन्या मुंबई राज्याचा असे वेगवेगळे कायदे मोडीत निघाले. आता रेंट कंट्रोलरची आगाऊ परवानगी लागत नाही. मालकाला सरळ दिवाणी न्यायाधीश, कनिष्ठ स्तर, यांच्या कोर्टात दावा लावावा लागतो. या कायद्याचे कलम १६ घर खाली करून मागण्याची कारणे सांगते. त्यांतले एक कारण हे की, मालकाला स्वतःच्या वापरासाठी जागेची वाजवी आणि प्रामाणिक गरज आहे.

'वाजवी' आणि 'प्रामाणिक' हे दोन शब्द ध्यानात ठेवा. नुसती इच्छा म्हणजे गरज नव्हे. मुलाचे लग्न झाले, घरात माणसे वाढली, नोकरीतून निवृत्त होऊन माणूस गावी परत आला, म्हाताऱ्या आईला जिना चढवत नाही म्हणून खालची खोली हवी, या गरजा झाल्या. पण भाडेकरू जुना, भाडे कमी, तो निघाला तर नव्याकडून चौपट मिळेल, म्हणून मुलाचे नाव पुढे करणे ही गरज नव्हे, ते निमित्त झाले. गरज सिद्ध करण्याचा भार मालकावर असतो.

आता कोणी विचारील, गरज मालकाची हवी की त्याच्या मुलाची चालते? आपल्याकडे मालक काही एकटा नसतो. पंजाबातील एका प्रकरणात हा प्रश्न सर्वोच्च न्यायालयापुढे आला. मालकाचा मुलगा चार्टर्ड अकौंटंट होता आणि त्याला कचेरीसाठी जागा हवी होती. २००२ साली न्यायालयाने सांगितले की, 'स्वतःचा वापर' या शब्दांचा अर्थ असा अरुंद करू नये. समाजाच्या चालीरीती पाहता कुटुंबातील जवळच्या माणसाची गरज ही मालकाचीच गरज होय. कोणत्या खोलीत कोणी राहावे हे भाडेकरूने मालकाला शिकवायचे नसते, असेही न्यायालये वेळोवेळी सांगत आली आहेत. तेव्हा भाडेकरू बंधूंनी, "तुमचा मुलगा पुण्याला का राहत नाही?" असले प्रश्न विचारण्यात वेळ दवडू नये.

पण मालकाची गरज खरी ठरली म्हणजे निकाल लागला असे नाही. याच कलमात पुढे एक तराजू ठेवलेला आहे. घर खाली करायला लावले तर भाडेकरूला होणारा त्रास मोठा, की खाली करून दिले नाही तर मालकाला होणारा त्रास मोठा, हे कोर्टाने तोलून पाहायचे आहे. भाडेकरूचा त्रास अधिक ठरला तर ताबा मिळत नाही. आणि जागेचा काही भाग देऊन कोणालाच त्रास होणार नसेल, तर कोर्ट तेवढ्याच भागाचा हुकूम करते. हा तराजू जुन्या मुंबई राज्याच्या १९४७ च्या कायद्यात होता, आणि नव्या कायद्यात तो आपल्यालाही लागू झाला. काकूंना एक खोली आणि आम्हाला एक खोली, हा आमच्या घरचा तोडगा म्हणजे दुसरे काय होते?

या तराजूत काय काय पडते? मालकाकडे त्या गावात दुसरी जागा आहे का? त्याच्या घरात माणसे किती, खोल्या किती? भाडेकरूने स्वतःचे घर बांधले आहे का? त्याला दुसरी जागा मिळण्याजोगी आहे का, आणि मुख्य म्हणजे त्याने ती शोधली का? हा शेवटचा प्रश्न पुष्कळ भाडेकरूंना भोवतो. "जागा मिळत नाही" असे नुसते म्हणून भागत नाही. कुठे विचारले, कोणाला भेटला, भाडे किती सांगितले, हे कोर्टाला दिसावे लागते. म्हणून माझी सूचना अशी की, मालकाने घर मागितले त्या दिवसापासून, भांडण चालू असले तरी, जागा शोधायला लागा आणि शोधल्याची नोंद वहीत ठेवा.

खोटे निमित्त सांगून घर खाली करून घेणाऱ्यासाठीही कायद्यात तरतूद आहे. स्वतःच्या गरजेसाठी म्हणून ताबा घेतला आणि महिन्याभरात मालक राहायलाच आला नाही, किंवा एका वर्षाच्या आत तीच जागा दुसऱ्याला भाड्याने दिली, तर जुन्या भाडेकरूला तेरा महिन्यांच्या आत कोर्टात अर्ज करून ती जागा परत मागता येते. हे कलम १७. भाडेकरूने घर सोडले तरी वर्षभर तिकडे डोळा ठेवावा, तो यासाठी.

आपल्या जिल्ह्यात फौजेत नोकरी करणारी माणसे पुष्कळ. त्यांच्यासाठी कलम २३ आहे. जवान किंवा निवृत्त जवान मालक असेल, त्याला स्वतःच्या कुटुंबासाठी घर हवे असेल आणि त्या गावात राहण्यायोग्य दुसरी जागा नसेल, तर त्याच्या अधिकाऱ्याचा दाखला त्याला मोठा आधार होतो. सीमेवरून घरी आलेल्या माणसाला स्वतःच्याच दाराशी खोळंबून राहावे लागू नये, हा त्यातला हेतू.

आता एक सावधगिरी. हा कायदा सरसकट प्रत्येक गावाला लागू नाही. त्याच्या परिशिष्टात ज्या गावा-शहरांची नावे आहेत, तिथेच तो चालतो. आपले गाव त्यात आहे की नाही, हे वकिलाला विचारून घ्यावे. जिथे तो लागू नाही, तिथे १८८२ चा मालमत्ता हस्तांतरणाचा कायदा चालतो. महिन्यावारी राहणाऱ्या भाडेकरूला तिथे पंधरा दिवसांची नोटीस दिली की भाडेपट्टा संपतो आणि गरजेचे कारण सांगावे लागत नाही. पण नोटीस संपली म्हणून मालकाने कुलूप तोडावे असे मात्र नाही. भाडेकरू निघत नसेल तर तिथेही कोर्टातच जावे लागते. दुसरे असे की, हल्ली अकरा महिन्यांचा 'लिव्ह अँड लायसन्स'चा कागद करतात. राहण्यासाठी असा कागद केलेला असेल तर मुदत संपताच जागा सोडावी लागते. न सोडणाऱ्याविरुद्ध सक्षम प्राधिकाऱ्याकडे अर्ज होतो आणि दुप्पट दराने भरपाई द्यावी लागते. तिथे तराजू नाही. म्हणून सही करण्यापूर्वी, आपण भाडेकरू होतो आहोत की परवानाधारक, हे वाचून पाहा. आणखी एक गोष्ट, शेताचे कूळ आणि घराचा भाडेकरू या दोन गोष्टी अगदी वेगळ्या आहेत. कुळकायद्याचे हक्क घराच्या भाडेकरूला मिळत नाहीत. पारावरच्या गप्पांत या दोन्हींची पुष्कळ सरमिसळ होते.

शिक्षक बंधूंना आणि भगिनींना मुद्दाम सांगतो. गावात कागद वाचायला माणसे तुमच्याकडेच येतात. त्यांना चार गोष्टी समजावून द्या. पहिली, भाड्याचा करार लेखी करा आणि तो नोंदवा. १९९९ च्या कायद्याने ती जबाबदारी मालकावर टाकली आहे. नोंदवला नसेल तर अटींबाबत भाडेकरूचे म्हणणे आधी खरे धरले जाते, आणि मालक शिक्षेला पात्र होतो ते वेगळेच. दुसरी, भाड्याची पावती. देणे मालकाचे कर्तव्य, मागणे भाडेकरूचे. मालक भाडे घेत नसेल तर बँकेतून पाठवा, म्हणजे नोंद राहते. थकबाकीची नोटीस आली तर नव्वद दिवसांच्या आत पैसे भरा, कारण भाडे थकवणाऱ्याची बाजू तिथेच लंगडी पडते. तिसरी, पाणी आणि वीज तोडून माणूस बाहेर काढता येत नाही. कलम २९ प्रमाणे कोर्ट ते परत जोडायला लावते, आणि तोडणाऱ्याला शिक्षाही होऊ शकते. आमच्या आडावरचा दोर काढणाऱ्या काकू वाईट नव्हत्या, त्या त्रासलेल्या होत्या. पण त्या दोराने त्यांची खरी गरजही कोर्टात खोटी दिसू लागली होती.

चौथी गोष्ट सर्वांत सोपी आणि सर्वांत अवघड. आधी बोला, आणि बोलणे लिहून ठेवा. मालकाने सांगावे, घर कोणासाठी हवे, किती खोल्या हव्यात आणि केव्हापर्यंत. भाडेकरूने सांगावे, कोणती अडचण आहे आणि ती कोणत्या महिन्यात संपेल. शाळा एप्रिल-मेमध्ये संपते, पिकाचा पैसा दिवाळीच्या पुढेमागे हाती येतो, बाळंतपणाची तारीखही ठाऊक असते. या सगळ्याला मुदत घालता येते. पाच माणसांसमोर जमत नसेल तर तालुक्याला विधी सेवा समिती आहे. १९८७ च्या कायद्याप्रमाणे स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातीचे लोक आणि कमी उत्पन्नाची माणसे यांना तिथे फुकट वकील मिळतो. दावा लावण्याच्या आधीही प्रकरण लोकअदालतीत नेता येते. तिथे झालेली तडजोड कोर्टाच्या हुकुमाइतकीच पक्की असते आणि तिच्यावर अपील नसते.

आज मीही एका लहानशा घराचा मालक आहे. पुढची खोली एका तरुण मास्तरांना दिली आहे. त्यांना ती देताना मी कागदावर लिहून दिले की, माझ्या घरच्या माणसांसाठी खोली लागली तर सहा महिने आधी सांगेन, आणि परीक्षेच्या दिवसांत मागणार नाही. त्यांनी लिहून दिले की, मागितली तर हरकत घेणार नाहीत. वकिलाने तो कागद पाहून थोडे हसून घेतले आणि मग नोंदवून दिला.

काकू आता नाहीत. वडीलही नाहीत. ओसरीत जन्मलेले ते मूल आता पन्नाशी ओलांडलेला गृहस्थ आहे. भेटला की मला दादा म्हणतो. आमच्या दोन्ही घरांनी त्या तीन वर्षांत वकिलांना किती पैसे दिले, याचा हिशेब आम्ही एकदा करू लागलो होतो. तेवढ्यात ओसरीच्या मागे आणखी एक खोली सहज उठली असती, हे कळल्यावर पुढचा हिशेब सोडून दिला.

श्रोतेहो, आपल्या घरी किंवा शेजारी असा प्रसंग असेल तर आज रात्री जेवण झाल्यावर एकदा त्या दाराशी जाऊन बसा आणि विचारा, "किती खोल्या, आणि केव्हापर्यंत?"